उणे उंचीचा मनोरा

मुलांनी त्यांचं नाव मायनसबाई ठेवलं होतं आणि ते त्यांना ठाऊक होतं. रागावणं दूरच, मनातून त्या खूश होत्या. उत्तरापुढे मीटर लिहायचं राहिलं, एक मार्क कमी. उत्तराखाली रेघ नाही, अर्धा कमी. खाडाखोड केलेलं तर त्या वाचायच्याच नाहीत. "खोडलंय म्हणजे तुमचं तुम्हालाच पटलेलं नाही, मग मी कशाला डोळे फोडू?" हा त्यांचा रोकडा सवाल असे. बावीस वर्षं हाच खाक्या. मुख्याध्यापकसुद्धा त्यांच्याशी बोलताना वाक्य नीट पूर्ण करत.

अशा बाईंना धक्का बसायला फार काही लागत नाही. एक बेडूक पुरला.

परीक्षा सोमवारी होती आणि आदल्या गुरुवारी दुपारी उजळणीचा तास चालला होता. तिसऱ्या बाकावर टिकटिक बसली होती. या मुलीची बोटं सतत कॅल्क्युलेटरच्या बटणांवर चालू असत, म्हणून वर्गाने तिला हे नाव दिलेलं. तिच्याकडे आलेख काढणारा मोठा कॅल्क्युलेटर होता, परीक्षेलाही तो चालत असे. बाई फळ्याकडून वळल्या, तर टिकटिकच्या खांद्यावरून चार डोकी त्या कॅल्क्युलेटरमध्ये वाकलेली. इतका अभ्यास? बाईंना शंका आली. दबक्या पावलांनी त्या मागे जाऊन उभ्या राहिल्या आणि त्यांचे डोळेच विस्फारले. पडद्यावर एक लाट सरकत होती आणि तिच्यावर टिंबाटिंबांचा एक बेडूक उड्या मारत होता.

"हे काय आहे?"

चार डोकी चार दिशांना पांगली. टिकटिक उठून उभी राहिली. "गेम आहे, बाई."

"यात गेम? हे आलेखाचं यंत्र आहे!"

"लाट म्हणजे आलेखच आहे ना, बाई. साइनचा."

"घातला कोणी हा यात?"

"मी लिहिला. बटणं दाबून दाबून, सुट्टीत." मग तिला वाटलं, आता सगळंच सांगून टाकावं. "बाकीच्यांच्यात वायरने गेला. एकाच्या कॅल्क्युलेटरमधून दुसऱ्याच्यात, दोन मिनिटं लागतात."

"बाकीच्यांच्यात म्हणजे किती जणांच्या?"

टिकटिकने वर्गभर नजर फिरवली. वर्ग जमिनीकडे बघत होता. बाईंना कळायचं ते कळलं, आणि आपल्या नाकाखाली महिनाभर तीस बेडूक उड्या मारत होते या विचाराने त्या इतक्या हबकल्या की त्यांना ओरडणंही सुचेना. त्यांनी हात पुढे केला. कॅल्क्युलेटर जप्त.

"बाई, सोमवारी परीक्षा आहे."

"सोमवारी दारात मिळेल."

टिकटिकचा चेहरा पडला. तिला या परीक्षेत पहिल्या बारांत यायचं होतं. गणिताच्या विशेष वर्गात जागाच बारा होत्या. तिला मशीनं बनवायची होती आणि त्या शिक्षणाचा रस्ता याच वर्गातून जात होता. दुसरा नव्हता.

शुक्रवारी मोकळ्या तासाला शिक्षकखोलीत बाई एकट्याच होत्या. खण उघडला, तर वरच ते यंत्र. आता शत्रूची माहिती नको का काढायला? असं स्वतःला समजावून त्यांनी ते चालू केलं. आधी त्यांनी प्रोग्रामच वाचला. पहिलीच ओळ होती: कोन रेडियनमध्ये. बाईंनी मान डोलावली. शाळेत कोन अंशांत मोजतात, रेडियन हे कोनाचं दुसरं माप. पण लाट सरकवायची तर रेडियनच सोयीचं. पोरीला अक्कल आहे. खाली आणखी दोनेकशे ओळी होत्या. शेवटापर्यंत कोण वाचत बसणार? त्यांनी खेळ सुरू केला.

बेडूक पहिल्याच उडीत बुडाला. दुसऱ्यांदाही बुडाला. बाई इरेला पेटल्या. लाट वर यायच्या किंचित आधी बटण दाबायचं, ही मेख त्यांना सातव्या बेडकाला कळली, आणि मग घंटा झालेलीही ऐकू आली नाही. तास दहा मिनिटं बुडाला. बावीस वर्षांत पहिल्यांदा! वर्गात शिरताना त्यांना स्वतःचीच ओळख पटेना.

एवढ्यावर थांबायचं ना! पण शनिवारी शाळा सुटल्यावर त्या पुन्हा खण उघडून बसल्या. आठशे ऐंशी गुण झाले होते, नऊशे नजरेच्या टप्प्यात होते, जीभ दातांत धरलेली, आणि दार उघडून भूगोलाचे सर आत आले.

"काय बाई, शनिवारीपण गणितं?"

बाईंच्या हातून दिसेल ते बटण दाबलं गेलं. बेडूक गेला, पडदा काळा झाला. "पेपर काढतेय," त्या म्हणाल्या आणि कान तापलेले असताना खणाला कुलूप लावलं.

सोमवारी परीक्षेच्या दारात टिकटिक हात पुढे करून उभी होती. बाईंनी कॅल्क्युलेटर तिच्या हातात ठेवला. घंटेला तीन मिनिटं होती.

"बाई, यातला बेडूक कोणी चालू केला नव्हता ना?"

प्रश्न साधा होता. पण मागे भूगोलाचे सर उत्तरपत्रिकांचा गठ्ठा घेऊन उभे होते. बाईंनी भुवया चढवल्या. "तुझे बेडूक नाचवायला मी रिकामी बसलेय का? जा, जागेवर बस."

"बरं, बाई," म्हणून ती निश्चिंत होऊन आत गेली.

बुधवारी दुपारी शिक्षकखोलीत तपासणी चालू होती. उत्तरपत्रिकांवर नावं नव्हती, फक्त आकडे. एका पत्रिकेत बाईंना शेवटचं उदाहरण दिसलं आणि त्यांना हसूच फुटलं.

"ऐका हो, ऐका! मनोऱ्यापासून साठ मीटरवर माणूस उभा आहे, मनोऱ्याचं टोक सत्तेचाळीस अंशांच्या कोनात दिसतं. मनोऱ्याची उंची किती? तर म्हणे उणे ७.४७ मीटर!"

"मनोरा नाही हो, विहीर असेल ती," भूगोलाचे सर म्हणाले, आणि खोलीभर हशा पिकला. बाईही डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या. हसत हसतच त्यांनी मागचं पान उलटून पाहिलं.

लिहिणाऱ्याने हेच उदाहरण तिथे आधी करून खोडलं होतं. पुन्हा केलं होतं, पुन्हा उणे ७.४७. तेही खोडलं होतं. तिसऱ्यांदा केलं, तेव्हा पेन इतकं दाबलं होतं की कागद फाटला होता. मग मागची पानंही पुन्हा उघडली असावीत, कारण आधीची पाचही उदाहरणं आडव्यातिडव्या रेघा मारून खोडलेली होती. रेघांखाली रीत दिसत होती. बाईंनी नियम मोडून वाचली. पहिल्याची रीत बरोबर. दुसऱ्याचीही बरोबर. सगळ्या बरोबर, उत्तरं तेवढी चुकीची. पण ती दिसायला शहाणी होती. पन्नास मीटर अंतर, अडतीस अंश, उंची १५.५. खरी उंची एकोणचाळीस, पण पंधरा मीटरचा मनोरा पाहून कोणाला शंका येणार? मनोरा जमिनीखाली गेला तेव्हाच लिहिणाऱ्याला पहिल्यांदा दिसलं की काहीतरी बिनसलंय. आणि वाटलं, बिनसलंय ते आपल्या डोक्यात.

अक्षर टिकटिकचं होतं.

बाईंचं हसू ओठांवरच थिजलं. त्यांनी स्वतःचा कॅल्क्युलेटर ओढला, कोन अंशांवरून रेडियनवर नेले आणि साठ गुणिले टॅन सत्तेचाळीस केलं.

उणे ७.४७.

त्यांच्या पायाखालची जमीनच सरकली. त्यांनी पत्रिका मिटून हाताखाली घेतली. कोणाच्या लक्षात आलं नाही. सर अजून विहिरीवर विनोद करत होते. बाईंनी वर्गातल्या एका मुलाला बोलावून त्याच्या कॅल्क्युलेटरमधला बेडकाचा प्रोग्राम उघडायला लावला आणि या वेळी शेवटची ओळ वाचली. कोन पुन्हा अंशांत. म्हणजे खेळातून रीतसर बाहेर पडलं की पोरीने यंत्र परत अंशांवर आणायची सोय केली होती. ज्याने मध्येच भलतंच बटण दाबून खेळ मारला, त्याच्या यंत्रात रेडियन तसेच राहणार. तिला हे माहीत होतं, म्हणून तर तिने दारात विचारलं होतं.

क्षणभर, खोटं कशाला बोला, बाईंच्या मनात आलंच की गुपचूप मार्क द्यावेत. पण खोडलेल्याला मार्क नाहीत, हा नियम शाळेच्या नियमावलीत त्यांनीच घालून घेतला होता. आणि त्या खोट्यावर आणखी एक खोटं रचायची त्यांना शिसारी आली. उत्तरपत्रिका छातीशी धरून त्या मुख्याध्यापकांच्या खोलीत गेल्या आणि उभ्याउभ्याच सगळं सांगून टाकलं. बेडूक, आठशे ऐंशी गुण, दारातलं खोटं, सगळं.

मुख्याध्यापकांचा आ वासला. "तुम्ही? गेम?"

"मी."

"आणि मुलीने विचारलं तर नाही म्हणालात?"

"म्हणाले."

ते रागावले नाहीत. रागावले असते तर बरं झालं असतं, असं बाईंना वाटलं. मग त्यांनी समोरच्या फायलीतून एक अर्ज काढून पुढे सरकवला. टिकटिकने कालच गणित सोडून दुसरा विषय मागितला होता. कारणाच्या रकान्यात एकच ओळ होती: मला गणित येत नाही.

बाईंनी ती ओळ दोनदा वाचली.

"उद्या सकाळी तिची फेरपरीक्षा घेऊ," मुख्याध्यापक म्हणाले. "दुसरा पेपर काढा. पण का घेतोय ते तिला तुम्ही सांगायचं. मी नाही."

गुरुवारी सकाळी रिकाम्या वर्गात टिकटिक एकटीच बसली होती. तिला फक्त बोलावणं गेलं होतं. कॅल्क्युलेटर दप्तरातच होता. टेबलावर काढायचीही तिची इच्छा दिसत नव्हती. बाई तिच्यासमोर उभ्या राहिल्या. घरी त्यांनी वाक्यं जुळवून आणली होती, ती एकही आठवेना.

"तुझा बेडूक मी चालू केला होता," त्या म्हणाल्या. "दोनदा. आणि मध्येच बंद केला. तुझं यंत्र रेडियनवर राहिलं. तू विचारलंस तेव्हा मी खोटं बोलले."

बाईंना वाटलं, आता ती ओरडेल, रडेल, उठून निघून जाईल. त्याला बाईंची हरकत नव्हती. आपल्याला काहीही बोललं तरी कमीच, असं त्यांना वाटत होतं.

"म्हणजे मला येत होतं?" तिने अगदी बारीक आवाजात विचारलं.

"येत होतं."

"सगळी सहा?"

"सगळी सहा. रीतीत एक चूक नाही. मी शोधली, सापडली नाही."

तिने डोकं बाकावर टेकलं आणि हमसून हमसून रडली. घरी तीन दिवस ती कोणाशी बोलली नव्हती, जेवणाच्या ताटावरून उठून जात होती, हे बाईंना नंतर कळलं. त्या वेळी फक्त तिचे हलणारे खांदे दिसत होते. बाईंचा हात पुढे झाला आणि मध्येच थांबला. हात ठेवायचा हक्क आपण गमावलाय, हे त्यांना समजत होतं.

बऱ्याच वेळाने तिने डोळे पुसले. दप्तरातून कॅल्क्युलेटर काढला, मोड उघडून अंश आहेत ना ते पाहिलं, बंद करून पुन्हा पाहिलं. मग पेन काढलं.

"पेपर देते मी."

बाईंनी नवा पेपर तिच्यापुढे ठेवला. घड्याळ काढून टेबलावर ठेवलं आणि नेहमीसारखी खुर्ची ओढून बसायला गेल्या.

"बाई," टिकटिक म्हणाली. आवाजात राग नव्हता, आणि तेच बाईंना सोसवलं नाही. "तुम्ही इथे बसू नका. दुसरं कोणीतरी बसू दे."

बाईंनी खुर्ची होती तिथे सरकवली, बाहेर जाऊन भूगोलाच्या सरांना आत पाठवलं आणि आपल्या हाताने दार लावून घेतलं.