सतरावी जागा

त्या पत्राचं उत्तर म्हाताऱ्या कारकुनाने अकराव्यांदा लिहायला घेतलं, आणि अकराव्यांदाही सुरुवात वधस्तंभापासूनच झाली. दोन पानं भरली तेव्हा त्याने मान वर केली. समोर त्याची थोरली बहीण शेंगा सोलत बसली होती.

"वाच बघू," ताई म्हणाली.

त्याने वाचलं. प्रभूने आपली पापं कशी स्वतःवर घेतली, मग तिसऱ्या दिवसाची पहाट, बाजूला सरकलेली धोंड, रिकामी कबर, मरणाचा झालेला पराभव. शेवटाकडे येता येता त्याचा आवाज बारीक होत गेला.

"छान आहे," ताई म्हणाली. "पण चार वर्षं तू तिला प्रभूची कबर समजावतोयस. तिने बापाची विचारली होती."

चर्चच्या दफनभूमीची नोंदवही त्याने तीस वर्षं सांभाळली होती. नोकरीच्या शेवटच्या वर्षी भिंतीपर्यंत जाणाऱ्या रांगेतले लाकडी क्रूस रंगवायला काढले आणि रंग वाळल्यावर त्यानेच ते परत रोवले. पुढे काही महिन्यांनी परगावच्या एका मुलीचं पत्र आलं. बाबांना आम्ही अगदी भिंतीलगत माती दिली होती. आता त्यांचा क्रूस भिंतीपासून चांगला दोन पावलं अलीकडे दिसला. माझी आठवण चुकतेय का? आई दर रविवारी तिथे जाऊन बसते. तिला विचारायचा मला धीर होत नाही. तुम्ही सांगाल का?

त्याने वही काढून पाहिली होती. मुलीची आठवण बरोबर होती. रांगेतली सतरावी जागा कोरी होती. खालून पाण्याची नळी जात होती, म्हणून ती कधी खणलीच नव्हती. मुलीचे वडील भिंतीलगतच्या अठराव्या, शेवटच्या जागेत होते. सोळावा क्रूस रोवून झाल्यावर त्याने लगेच शेजारी शेवटचा रोवला होता, त्या कोऱ्या जमिनीवर.

तेव्हापासून तो त्या कोपऱ्याकडे फिरकला नव्हता. उपासनेलासुद्धा तो संध्याकाळचा जाऊ लागला. न जाणो, सकाळी ती बाई, मुलीची आई, भेटली तर!

"म्हणजे ती बिचारी इतकी वर्षं पाण्याच्या नळीशी बोलतेय?" सगळं ऐकून ताईने विचारलं.

"हसू नकोस, ताई."

"हसत नाहीये." ती हसत होती. मग थांबली. "एक विचारू? सगळ्या जगाची पापं वधस्तंभावर गेली, असं इतकं सुरेख लिहितोस. तुझी ही दोन पावलं तेवढी त्यात मावत नाहीत का रे?"

त्याने पेनाचं टोपण लावलं, काढलं, पुन्हा लावलं. पुस्तकांच्या कपाटाकडे पाहिलं. तिकडून काही मदत येईलसं दिसेना.

रविवारी सकाळी तो दफनभूमीत गेला. आधी बाईंच्या तोंडावर सांगायचं, मग मुलीला लिहायचं. फाटकापासून रांगेपर्यंत तो तीच चार वाक्यं घोकत राहिला.

बाई होत्या. पण क्रुसाजवळ नव्हत्या. त्या भिंतीला पाठ टेकून घडीच्या स्टुलावर बसल्या होत्या. फुलंही त्यांच्या पायाशी, भिंतीलगतच्या गवतावर होती. क्रुसाच्या आडव्या लाकडाला त्यांची छत्री अडकवलेली होती.

"नमस्कार. मी इथे... नोंदी ठेवायचो."

"ओळखते की. या, बसा कठड्यावर. फुलं सांभाळा."

तो बसला नाही. घोकलेली वाक्यं कुठल्या कुठे गेली.

"बाई, हा क्रूस चुकीच्या जागी आहे. मीच लावला. तुमचे यजमान त्याच्याखाली नाहीत. ते..."

"इथे आहेत." बाईंनी शेजारच्या गवतावर हात ठेवला. "माती देताना मी इथेच उभी होते. मला ठाऊक नसणार?"

तो कठड्यावर टेकला.

"कधीपासून?"

"तुम्ही रंगवून लावलात त्याच रविवारपासून. पहिले दोन-तीन आठवडे मनातल्या मनात तुम्हाला काय काय बोलले, ते सांगत नाही. देवाच्या दारात आहोत."

"मग तक्रार का नाही केलीत?"

"करणारच होते." त्या क्रुसाकडे बघत म्हणाल्या. "तो यांच्या उशाशी होता ना, तेव्हा त्याच्याकडे पाहिलं की हे गेले एवढंच दिसायचं. मग एक दिवस इथे टेकले. हे माझ्या शेजारी. समोर क्रूस. आणि त्याच्या खाली कोणी नाही." त्यांनी फुलं जरा सारखी केली. "लहानपणापासून ऐकत आले, कबर रिकामी आहे, कबर रिकामी आहे. मान डोलवायची आणि घरी यायचं. बघायला मिळाली ती इथे."

"खाली पाण्याची नळी आहे," तो म्हणाला. आता काहीच लपवायचं नव्हतं.

"असू दे की. ती कुणाचं काय घेतेय?"

त्याला हसू आलं. चार वर्षांत प्रथमच या भिंतींच्या आत त्याचा श्वास नीट खालपर्यंत गेला.

"मुलीला सांगितलं नाहीत?"

"तिला? तिने थेट बिशपांना पत्र धाडलं असतं. तुमचं निवृत्तीचं वर्ष, कशाला उगाच?"

"तिने मलाच पाठवलं होतं. तुमचं मन मोडेल म्हणून तुम्हाला विचारलं नाही."

 बाईंनी पदराने डोळे पुसले. "वेडी पोर! दर फोनला विचारते, आई, जाऊन आलीस का. मी म्हणते, आले. पुढे दोघीही गप्प."

"क्रूस हलवून घेऊ का?"

"हात तर लावून बघा!"

घरी येऊन त्याने कोट न काढताच लिहायला घेतलं. उत्तर अर्ध्या पानातच संपलं.

'तुमची आठवण बरोबर आहे. वडील भिंतीलगतच आहेत. क्रूस मी चुकीच्या जागी लावला, आणि चार वर्षं गप्प बसलो ती त्याहून मोठी चूक. क्षमा करा. क्रूस हलवू का, असं आईंना विचारलं. त्या नको म्हणाल्या. का, ते त्यांनाच विचारा. विचारलंत तर त्यांना बरं वाटेल.'

ताईने चष्मा लावून वाचलं, कागद उलटून मागची बाजू पाहिली.

"यातून प्रभू कुठे गेले?"

"आहेत त्यात," तो म्हणाला आणि पाकिटाला तिकीट लावलं.

कोपऱ्यावरच्या पेटीत त्याने ते टाकलं, आणि तळाशी पडल्याचा आवाज येईपर्यंत तिथेच उभा राहिला.