खोल छपाई

छपाईचा शिशाचा खिळा तळहातावर केवढासा, पण वजन असं की बोटं आपोआप मिटली. टोकावरचं उलटं अक्षर तिनं अंगठ्यानं चाचपलं, मग दाबलं, कातडीत रुतेपर्यंत दाबलं, आणि दुखायला लागल्यावर तिला बरं वाटलं. स्वतःच्या लग्नाची पत्रिका तिनं स्वतःच आखली होती. जाड सुती कागद, गडद निळी शाई, वेलबुट्टी नाही आणि वडिलांचं नाव नाही. निमंत्रक म्हणून एकटी आई. आईला हे अजून सांगितलेलं नव्हतं. आई छापखान्याच्या कोपऱ्यातल्या स्टुलावर पर्स मांडीत धरून बसली होती, दवाखान्यात नंबर लावून बसावं तशी.

"दाब किती देऊ?" छापखानेवाले काका शाई घोटत म्हणाले. "हल्ली लोकांना अक्षर बोटाला लागलेलं आवडतं. आमच्या वेळी मागून खड्डा दिसला की मालक शिव्या घालायचा."

"खोल द्या. मागून दिसू दे."

काकांनी कागदामागे पुठ्ठा सरकवला आणि हौस म्हणून यंत्राचा दांडा तिच्या हाती दिला. धाड. निळी अक्षरं कागदात बुडाली, पण तिचं समाधान होईना. अजून एक पुठ्ठा... धाड. हा आवाज तिच्या ओळखीचा होता — कपाटाच्या दारावर आईचं डोकं आपटल्याचा, चहा गार झाला म्हणून, पाहुणे जास्त वेळ थांबले म्हणून, काहीच झालं नाही म्हणून — आणि मी दाराआड उभी राहून बापाला मारत असायचे, मनातल्या मनात, हातोडीनं, इस्त्रीनं, हाताला येईल त्यानं. इतक्या वेळा मारलाय की सकाळी तो पेपर वाचत बसलेला दिसला की मला नवलच वाटायचं.

"आता बास, ताई. कागद फाटेल, खिळेही चेपतील."

"फाटू दे."

तिनं दांड्यावर अंग टाकलं. कागद फाटला, नेमका आईच्या नावावर.

आई उठून बघायला आली. फाटलेला कागद तिनं हातानं सारखा केला, वाचला, पुन्हा वरून वाचला.

"ह्यांचं नाव?"

"नाहीये."

"घाल गं बाई. तू जाशील तुझ्या घरी. मी तिथेच असणार आहे."

"माझ्याकडे ये राहायला."

"आणि हे तिथे आले म्हणजे?" एवढं बोलून आई काकांकडे वळली. "अहो, वर एक ओळ वाढवा. नाव सांगते मी."

तिला पुढचं ऐकूच आलं नाही. इतकी वर्षं गिळलेला सगळा राग एकदम हातात उतरला आणि आईचं मनगट तिच्या मुठीत आलं. मुठीत हाडं सरकलेली जाणवली.

"एक शब्द बोलायचा नाही," ती म्हणाली, हळू, दात न उघडता. घरात हे वाक्य असंच म्हटलं जायचं.

आईनं हात ओढून घेतला नाही. मोकळ्या हातानं तिनं चष्मा काढला, हनुवटीवर टेकवून एका हातानेच मिटला, पर्समध्ये टाकला आणि मान थोडी बाजूला करून डोळे मिटून उभी राहिली. बापाचा आवाज चढला की ती हेच करायची. दोन चष्मे फुटल्यावर शिकली होती.

काका शाईच्या डब्याचं झाकण उगाचच लावत राहिले. "नाव घालायचं का मग?" त्यांनी कुणाकडेच न बघता विचारलं.

सोड, सोड आधी... मी बोटांना सांगत होते. बोटं सुटत नव्हती. समोर आईचा उघडा चेहरा, नाकावर चष्म्याचे दोन लाल वण, आणि ती मुकाट वाट बघत होती, माझी, माझ्या हाताची. मला रडू यायला हवं होतं. त्याऐवजी मला तिचा राग आला, तिच्या त्या मिटलेल्या डोळ्यांचा, इतका की आत्ता, ह्या क्षणी, हात उचलताना त्याला कसं वाटत असेल ते मला नीट कळत होतं.