अस्वलाचे डोळे

झिनाईदाचं उजवं मनगट सुजलं आणि अस्वलांचे डोळे शिवायचं काम नाइलाजाने तिच्या नवऱ्याकडे, विकेंतीकडे आलं. यंत्रांचे सुटे भाग बनवणारा कारखाना बंद पडल्यापासून आमचं अख्खं गाव घरोघरी फरची खेळणी शिवतं आणि स्टेशनवर नेऊन विकतं. विकेंतीने त्या कारखान्यात तीस वर्षं लेथ चालवलेलं. त्याने डोळे मापून बसवले, दोन्ही अगदी एका रेषेत.

"हे काय केलंस?" झिनाईदा ओरडली. "अस्वल आहे की पासपोर्ट तपासणारा शिपाई?"

"सरळ आहेत ना? मग झालं तर!"

वाद घालायला वेळ नव्हता. मिन्स्कची गाडी अकराच मिनिटं थांबते. माणसाएवढं अस्वल डाव्या काखेत मारून झिनाईदा फलाटावर डब्यांच्या कडेने धावत सुटली. पुढे शेजारची आल्बीना होती. तिचं बावळट हसणारं अस्वल दुसऱ्याच डब्यापाशी खपलं. झिनाईदाचं बघून खिडकीतली एक पोर रडायलाच लागली.

"एवढं का चिडलंय हो हे?" पोरीच्या आईने विचारलं.

"सकाळपासून या फलाटावर उभ्या राहा, तुम्हीही अशाच दिसाल!"

गाडी गेली.

"गिऱ्हाइकावर खेकसायला अस्वल होतं की गं," आल्बीना म्हणाली, "तू कशाला त्रास घेतलास?"

घरी येताच झिनाईदाने डोळे उसवून विकेंतीपुढे टाकले. "जरा तिरके शिव. वेडेवाकडे."

त्याने सुई खाली ठेवली. "तीस वर्षं केसभर चुकलं तरी माल परत यायचा, झीना. आता मुद्दाम चुकवू?"

तिच्या तोंडाशी आलेली शिवी तिथेच अडली. राग मात्र होता तसाच होता. तो आता कुणावर काढावा, तेवढं कळेना. ती त्याच्या शेजारी बसली, डाव्या हाताने त्याचा अंगठा धरला. "इथे टोच. आता ओढ. अरे, एवढं नाही!"

चारदा उसवलं. दोघांचाही घसा बसला. पाचव्यांदा अस्वल नुकतं झोपेतून उठल्यासारखं दिसायला लागलं.

दुसऱ्या दिवशी ते एका सैनिकाने घेतलं. ती परतली तेव्हा विकेंती दारातच उभा.

"काय म्हणाला? डोळ्यांबद्दल?"

"काही नाही. 'लवकर आत ढकला, गाडी सुटतेय' म्हणाला."

"बघितलंसुद्धा नाही?"

"नाही!" तिने ओव्हरकोट खुर्चीवर फेकला. "आणि तीन सशांना अजून कान नाहीत. बस खाली."