खालून नऊ हात

सौंसरच्या शाळेत मी विज्ञान शिकवायचे तेव्हा मुलींना बजावत असे, डोळ्यांनी पाहिल्याशिवाय वहीत लिहू नका. स्वतः मात्र नऊ वर्षं न पाहता लिहीत होते. त्या लिहिण्यावर एका मोठ्या माणसाचं नाव झालं, म्हणून हे सांगायला हवं.

तो माणूस म्हणजे डॉ. यशवंतराव देवपुजारी, नागपूरच्या कॉलेजातले माझे सर. दगड झालेल्या जुन्या जिवांवरून सृष्टी कशी बदलत आली, हे शोधण्यात त्यांचा जन्म गेला. सौंसरजवळच्या मोहगावात काळ्या खडकाखाली नऊ हात जाड पांढुरक्या दगडाचा थर आहे. त्या थरात गोगलगायींचे शंख सापडत. सर म्हणत, जुन्या, खालच्या दगडातले शंख लहान आहेत आणि वर येता येता ते मोठे होत गेलेत. लहानातून मोठं, दुबळ्यातून समर्थ! देश नुकताच स्वतंत्र झाला होता, असलं काही ऐकायला कुणाला आवडणार नाही? परदेशातून सरांना पत्रं येऊ लागली, त्यांची आकृती पाठ्यपुस्तकात छापली गेली.

हे शंख येत ते मोहगावच्या एका विहिरीतून. सरांना दमा, त्यांच्याने विहीर उतरणं शक्य नव्हतं. एकदा दिवाळीत ते येऊन काठावरून वाकून बघून गेले, तेवढंच. बाईमाणूस उतरलं की पाणी रुसतं, असं विहीर खोदणाऱ्या गुणवंता ढोकेचं ठाम मत होतं, आणि मलाही अंधाऱ्या कपारीत लोंबकळायची हौस नव्हती. उन्हाळ्यात विहीर कोरडी पडली की गुणवंता उतरायचा, कडेचा दगड फोडायचा आणि टोपली वर पाठवताना ओरडायचा, "बाई, हा तिसरा हात!" मी निंबाखाली बसून चिठ्ठी लिहायची : हात तिसरा, आणि शंखांसोबत ती नागपूरला सरांना पाठवायची. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हेच.

छप्पन सालचा ऑक्टोबर. एक नोव्हेंबरपासून नागपूर मुंबई राज्यात जाणार आणि आम्ही सौंसरवाले मध्य प्रदेशात राहणार, हे पक्कं झालं होतं. नव्या सीमेच्या अलीकडे अडकायची मला भीती वाटत होती. इथे राहिले असते तर साठीपर्यंत बेडकाची आकृती काढत बसले असते. सरांनी त्यांच्या विभागात सहायकाची जागा मला देऊ केली होती आणि सही तेवढी बाकी होती. अठ्ठावीस तारखेला त्यांचं मोठं व्याख्यान होतं. त्यासाठी त्यांनी पहिल्या हाताचे दोन ताजे नमुने मागवले, म्हणून मी मोहगावला गेले.

"पयला हात आता नाई भेटत, बाई," गुणवंता म्हणाला. दोराला दगड बांधून त्याने विहिरीत सोडला होता आणि ओला दोर हातावर मोजत होता. "पाच हात पानी हाय. पयल्यापासून पाचव्यापर्यंत समदे बुडाले. सावा पायजे असन तं काढून देतो."

"पहिला कसा बुडेल, गुणवंताभाऊ? पहिला तर सगळ्यात वर, काळ्या दगडाला लागून!"

त्याने माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "विहीर कोनी वरून मोजते का बाई? पानी खालून चढते, तं हातबी खालूनच मोजाव लागते. माहा बाप असाच मोजे, मीबी असाच मोजून राहिलो."

नऊ वर्षांचा प्रत्येक पहिला हात तळाचा होता आणि प्रत्येक नववा वरचा. लहान शंख वरचे, म्हणजे नंतरचे. सरांची गोगलगाय मोठी होत गेलीच नव्हती. ती खुरटत गेली होती.

गप्प बसावं असं मला वाटलं, खोटं कशाला बोलू? दोन दिवस मी गप्प बसलेही. तिसऱ्या दिवशी मात्र नागपूरची बस धरली. प्रामाणिकपणाचा झटका आला होता म्हणा, किंवा व्याख्यानानंतर कुणी दुसरा विहिरीत उतरला तर काय, ही भीती म्हणा.

सरांनी सगळं ऐकून घेतलं. चष्मा काढून धोतराच्या सोग्याने बराच वेळ पुसत राहिले. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"हे कसं झालं, रजनी?" त्यांनी एवढंच विचारलं. "चूक नेमकी कुणाची?"

टेबलावर माझ्या नेमणुकीचा कागद होता, अजून सही न झालेला. मोजायची रीत मी विचारली नाही, मी कधी डोकावून पाहिलं नाही, असं म्हणायचं होतं. तोंडातून निघालं, "गुणवंतानं हात उलटे मोजले, सर."

सरांनी मान हलवली. मग त्यांनी कागदावर सही केली.

अठ्ठावीस तारखेला भरल्या सभेत त्यांनी आपला सिद्धांत स्वतः मोडला. आयुष्यभराचं काम असं आपल्या हाताने मोडताना त्यांचा आवाज जराही कापला नाही. मी मागच्या रांगेत बसून रडले, आणि त्या रडण्यात त्यांच्यासाठी किती होतं, हे मलाच माहीत नाही. दुसऱ्या दिवशी मी सामान बांधायला सौंसरला परतले. चोर सोडून संन्याशाला फाशी दिली होती, आणि चोराला नोकरी मिळाली होती.

एकतीस तारखेला सकाळी गुणवंता मोहगावहून चालत घरी आला. धुतलेलं धोतर, हातात नागपूरचं वर्तमानपत्र. "पोस्टमास्तर म्हने यात माहं नाव हाय. तो घाईत होता, मनला बाईकडून वाचून घे. खरं हाय का जी?"

मी मनातल्या मनात वाचलं. 'मोहगावचे श्री. गुणवंता ढोके यांच्या अज्ञानामुळे मोजमापात गंभीर चूक झाली, असे डॉ. देवपुजारी यांनी सांगितले.' सर दोष देतानाही श्री. लावायला विसरले नव्हते.

"वाचा ना, बाई."

"मोहगावचे श्री. गुणवंता ढोके," मी वाचलं आणि तिथेच थांबले.

"श्री मनते?" त्याचा चेहरा उजळला. त्याने त्या ओळीवर बोट ठेवायला लावलं, ती जागा नीट बघून घेतली, मग कागदाची जपून घडी करून खिशात ठेवली. "अन् तुमचं कुठी हाय?"

"माझं नाही."

"असं कसं? मी तं निस्ते दगड फोडले. चिठ्ठ्या तं समद्या तुमीच लिवल्या!"

बोलायची वेळ होती ती हीच, आणि मी ट्रंकेची कडी लावत बसले.

"हा तं अन्याव झाला, बाई," गुणवंता म्हणाला. त्याला माझ्यासाठी खरोखरच वाईट वाटत होतं.