खुणेचा धागा

"शेवटच्या सीनमध्ये म्हातारा स्वेटर शेकोटीत टाकतो," दिग्दर्शकाने शूटिंग अर्ध्यावर आल्यावर ठरवलं.

"कुठला स्वेटर?" उत्तर ठाऊक असूनही मी विचारलं.

मी सिनेमांचे कपडे करते. नवा कपडा जुना करून दाखवणं हेच माझं पोट. पण टेबलावर टेकून टेकून झिजलेली कोपरं मला काही केल्या जमेनात, म्हणून बाबांचाच स्वेटर भांडून आणला होता. आईने विणलेला. ती गेल्यापासून ते तो अंगावेगळा करत नव्हते. "जळो मेला तुझा सिनेमा," म्हणाले, आणि मग स्वतःच घडी घालून दिला. "परत आण म्हणजे झालं."

जो कपडा सीनमध्ये खराब होणार, त्याचा जोड हवाच. मी सुया घेऊन बसले. मेकअपच्या खोलीत, गाडीत, जेवताना, एकच ध्यास. विणला, उसवला, पुन्हा विणला. कुणी हाक मारली तरी अंगावर जात होते. चहाच्या पाण्यात बुडवला, बाबांचा समोर ठेवून कोपरं काचपेपरने घासली. डाव्या मनगटाशी आईचा एक टाका चुकला होता, तोही तसाच चुकवला. शेवटी मलाच दोन्ही ओळखू येईनात, तेव्हा नकलेच्या आत बगलेपाशी लाल धागा सोडला.

"लाल धाग्याचा जाळायचा," नटांना कपडे चढवणाऱ्या ड्रेसदादांना इतकं बजावलं की ते वैतागले.

"ताई, मी काय आज आलोय का?"

इस्त्रीवाल्या काकांना मात्र कुणीच सांगितलं नाही. माझ्या रॅकवर लोंबता धागा दिसता कामा नये, हा माझाच कडक नियम. काकांनी तो इमानेइतबारे पाळला.

शेकोटी पेटली होती. हँगरवर दोन स्वेटर आणि धागा कुठेच नाही. मी दोन्ही उलटे केले, चाचपले, हुंगले. दोन्हींना धुराचा वास.

"उजेड चाललाय! देताय की नाही?" दिग्दर्शक ओरडला.

"हा," म्हणत मी अंदाजाने एक पुढे केला. शॉट झकास झाला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मला तिथे उभं राहवेना.

घरी बाबांनी स्वेटर चढवला. मी खांद्यावरची पिशवीही न उतरवता बघत राहिले. त्यांनी खांदे हलवले, कोपरं टेबलावर टेकवली. मग मनगटाच्या त्या टाक्यावरून अंगठा फिरवला आणि तिथेच थांबले.

"छान विणलायस गं," ते म्हणाले.

मला रडूच फुटलं. "बाबा, मी..."

"चूकसुद्धा तिचीच घातलीस," म्हणाले, आणि वरपर्यंत बटणं लावून घेतली.