उपाशी पिसवा आणि पांढरे मोजे

माझा नवरा मेलितोन मनाने सोनं आहे; अकलेच्या बाबतीत मात्र आनंदीआनंद.

आमची नायदा दोन वर्षांची झाली, तिचे पहिले केस कापायचे ठरले. पहिली बट जी कापते ती पोरीची मानलेली आई होते आणि पोरीच्या आईची कोमाद्रे, सख्ख्या बहिणीहून जवळची. मला बहीण नाही. खालच्या गावच्या नर्स एउलालियाबाईंच्या मी महिनाभर मागे लागले, तेव्हा कुठे त्या हो म्हणाल्या. अडचण एकच, घरात पिसवांचा सुळसुळाट. चुलीपाशी गिनीपिग, दारात कुत्रा. पिसवा पळाव्यात म्हणून मुन्याच्या झुडपाचा उग्र पाला पसरून पसरून मी थकले होते.

मेलितोन म्हणाला, तीन आठवडे घर बंद ठेवू आणि जनावरं घेऊन वर माळावर, अल्पाकांपाशी राहू. रक्त मिळालं नाही की पिसवा उपाशी मरतील. मलाही ते पटलं, खोटं कशाला बोलू?

समारंभाच्या सकाळी खाली उतरलो. घरात पहिलं पाऊल पाहुणीचं, तो तिचा मान. एउलालियाबाई पांढरे मोजे घालून ऐटीत आत गेल्या आणि बघता बघता मोज्यांवर मिरपूड भुरभुरल्यासारखं झालं. धरणी पोटात घेईल तर बरं, असं मला वाटलं. आता ही बाई कात्री ठेवून निघून जाणार.

बाईंनी अंगणात येऊन साबणाच्या पाण्यात पाय बुडवले आणि ही अक्कल कुणाची, असं विचारलं. नवऱ्याचं नाव कसं सांगू? आपलेच दात, आपलेच ओठ. शेवटी मेलितोननेच हात वर केला.

"वाटलंच," बाई म्हणाल्या. "अरे, मोठ्या मेल्या असतील. पण अंडी खाली धुळीत पडतात, त्यांच्या अळ्या होतात, अळ्या फटीत कोष करून बसतात. कोषातली पिसू महिनोन्महिने उपास काढते. पावलांची धमधम जाणवली की उठते. तू तिला आज पंगतच वाढलीस."

मी रडायच्या बेतात होते. बाईंनी मात्र वाजवणाऱ्यांना दारात बसवलं, पाहुण्यांच्या पोटऱ्यांना पांढरी फडकी गुंडाळली आणि सगळ्यांना आत पाय आपटत वायनो नाचायला लावलं. प्रत्येक गाण्यानंतर फडकी साबणाच्या पाण्यात. माझे म्हातारे मामेसासरे तर, अजून पिसवा आहेत, अशी शपथ घेऊन चौथ्यांदा नाचले. मग फटी झाडल्या, केर जाळला, फटींत कढत पाणी ओतलं, घोंगड्या उकळल्या.

दुपार कलली तेव्हा बाईंनी कात्री उचलली.

"बट कापल्याची भेट म्हणून पोरीला मेंढी देणार होते, ती नाही देत. शंभर विटा देते. गिनीपिगांना अंगणात वेगळं घर बांधा."

नायदाची बट ताटलीत पडली. बाई माझ्याकडे वळल्या.

"कोष अजून उरलेत. रोज झाडायचं. मी रविवारी परत नाचायला येते, कोमाद्रे."

पुढे त्या घोंगड्यांबद्दलही काही बोलल्या म्हणे. 'कोमाद्रे'च्या पुढचं मला काही ऐकूच आलं नाही.