लाल फडक्यातलं पुस्तक

आश्विनातली सकाळ. वेदगंगेच्या काठी भाताच्या लोंब्या पोपटी-पिवळ्या, बांधाबांधावर झेंडू केशरी, आणि साऱ्यावर निर्मळ, कांचनवर्णी, कोवळं ऊन. खंडेनवमीचं ऊन. त्या उन्हात गावातली अवजारं न्हाऊनमाखून बसली होती. कोयता विसावला, कुदळ विसावली, करवत विसावली, आणि गॅरेजातले पाने हळदीकुंकू लेवून पाटावर निजले. आज त्यांना कुणी हात लावायचा नाही, अशी इथली रीत.

रीत देखणी आहे, कोण नाही म्हणतं. पण शालनची मोटार आदल्या दुपारी दारातच बंद पडली, आणि मोटारीला रीत कळत नाही.

तेवीस वर्षांची ती नीलवर्णी, धूलिधूसर मोटार. तिच्या इंजिनातला टायमिंगचा पट्टा तुटला होता. नवा पट्टा डिकीत होता, वरची झाकणं शालननं स्वतः उतरवली होती. पण पट्टा ज्यांवर चढवायचा ती इंजिनातली दोन दातेरी चाकं, दोन्हींवर तीन-तीन खुणा. कुठली खूण कुठं जुळवायची? एक दात चुकला तर इंजिन धड चालणारच नाही. गावच्या हायस्कुलात इंग्रजी शिकवणारी शालन त्या खुणांपुढे निरक्षर झाली होती.

आणि उद्या दसरा. उद्या सकाळी नवाला तिच्या नवऱ्याचं, विश्वासरावांचं, कोल्हापुरात डायलिसिस. ओसरीवर ते गुंगीत पडलेले, पावलं सुजलेली, पापण्या सुजलेल्या. गेल्या खेपेला एसटीनं नेलं तर स्टँडावरच कोसळले होते. गावातल्या दोन्ही जिपा देवीच्या पालखीला लागलेल्या. उद्या ही मोटार निघाली नाही तर त्यांचं रक्त तसंच मलिन राहणार होतं.

तिनं कंपनीला फोन लावला. दुरुस्तीचं पुस्तक हवंय, म्हणाली.

"ते फक्त आमच्या अधिकृत कारागिरांसाठी असतं, मॅडम. आपण गाडी आमच्याकडे घेऊन या."

"चालत असती तर आणली नसती का?"

पलीकडे मंजुळ, मधुर, निर्दय संगीत वाजू लागलं.

काय म्हणावं या लोकांना? मोटार विकताना हार घालतात, पेढे भरवतात, पुठ्ठ्याची हातभर किल्ली देऊन फोटो काढतात. आणि तिच्या पोटात काय आहे हे विचारलं की दार लावून घेतात. मोटार आमची, बिघाड आमचा, माणूस आमचा, आणि पुस्तक तेवढं त्यांचं. असल्या मालकीला काय जाळायचंय?

ती रद्दीवाल्याकडे गेली. तिथं राशिभविष्यं होती, दहावीची गाईडं होती, लोणच्यांची पुस्तकं होती, पिवळ्या पानांचे डोंगरच्या डोंगर. मोटारीचं एक पान नव्हतं. तिनं ते सगळे डोंगर उपसले आणि रिकाम्या हातानं घरी आली.

विश्वासराव जागे झाले होते. "पुस्तक?" ते क्षीण स्वरात म्हणाले. "मी पुण्याच्या जुन्या बाजारातून आणलं होतं की. धोंडिराम मेस्त्रींना दिलं. कारागिराच्या घरी विद्या शोभते म्हटलं."

शालन तशीच चपला घालून निघाली.

धोंडिराम मेस्त्रींचं गॅरेज आज देवालय झालं होतं. स्वच्छ सारवलेली भुई, शुभ्र धोतरातले वृद्ध मेस्त्री, झेंडूच्या माळांखाली ओळीनं पाने, पकडी, जॅक. आणि मधोमध, निरांजनाच्या सोनेरी वर्तुळात, लाल फडक्यात बांधलेलं ते जाडजूड पुस्तक.

"आज न्हाई, वहिनी," मेस्त्री हात जोडून म्हणाले. "बसवलेली विद्या उठवत न्हाईत. उद्या सांजचं सोनं लुटून झालं की मी सोता येतो."

"उद्या सांजेला काय उपयोग? नवाला कोल्हापुरात पोचायचंय. बरं, नुसतं तोंडानं सांगा, खुणा कुठं जुळवायच्या."

"त्ये हाताला ठावं. तोंडाला न्हाई."

"हे उघडलंय का कधी?"

मेस्त्रींनी मान खाली घातली. "इंग्रजी हाय त्ये. पर धा वर्सं पुजतोय. एक साल चुकवलं न्हाई."

ते अभिमानानं बोलले, आणि त्या अभिमानानंच शालनचं डोकं फिरलं. तिनं लाल फडक्यावर बोट रोखलं. "कंपनीनं कुलपात ठेवलं, मेस्त्री, आणि तुम्ही फडक्यात. माझ्या नवऱ्याला दोन्ही सारखंच."

ती पाटाकडे वाकली. मेस्त्रींनी अडवलं नाही. त्यांनी फक्त निरांजन बाजूला सरकवलं, तिचा पदर पोळू नये म्हणून.

घरी आली आणि देवघराच्या उंबऱ्यात थबकली. नवऱ्याचे पाने तिथं होते, कुंकवाची बोटं ओढून, फुलं वाहून निजवलेले. सकाळी तिनंच निजवले होते. आता कुणावर रागावणार? ती खाली बसली, एकेक फूल उतरवलं आणि एकेक पाना ओच्यात घेतला.

बॉनेटच्या कडेला पुस्तक उघडलं. दहा वर्षांची पूजा, आणि एका पानावर तेलाचा डाग नाही. कोरं, करकरीत, कुंकुमचर्चित पांडित्य. तिनं पान शोधलं, आकृती शोधली, खूण शोधली. वरच्या चाकाची मधली, खालच्या चाकाची डावी. पट्टा चढला. बोटं काळी झाली, मनगटं काळी झाली, कपाळही.

चार वाजता मेस्त्री फाटकाशी येऊन उभे राहिले, हात पाठीमागं बांधून. मान उंचावून त्यांनी चढलेला पट्टा पाहिला. मग न राहवून बोलले, "आता इंजनाला हातानं दोन येढं द्या. खुणा परत जुळल्या तरच सुरू करा."

शालननं पानावर बोट ठेवून वाचलं. दोन पूर्ण वेढे, हातानं. अक्षरशः तेच.

"असंच लिवलंय व्हय?" मेस्त्री फाटक लोटून पुस्तकाशी आले. "माज्या हातातलंच?"

"तुमच्या हातातलंच, मेस्त्री."

पहिला वेढा. दुसरा वेढा. खूण खुणेला भेटली. किल्ली फिरली, आणि ती जुनी नीलवर्णी मोटार गुरगुरली, खोकली, मग संथ, सलग, सखोल सुरात बोलू लागली. ओसरीवर विश्वासराव उठून बसले. शालन चाकाशी टेकून रडली.

मेस्त्रींनी पुस्तक उचललं. खुणांच्या आकृतीशेजारी तिचा काळा अंगठा उमटला होता. तो पुसायला त्यांनी फडकं शोधलं, तर त्या लाल फडक्याला तिनं हात पुसले होते. फडकं तिथंच टाकून त्यांनी पुस्तक तसंच छातीशी धरून नेलं.

दसऱ्याची सकाळ. सात वाजता मोटार गॅरेजवरून गेली. मागच्या सीटवर विश्वासराव, मांडीवर शाल, खिडकीत हळदुलं ऊन. गॅरेजचं दार उघडं होतं. पाटावर पाने होते, झेंडू होते, निरांजन मंद तेवत होतं. आणि मधोमध पुस्तक, बिनफडक्याचं, उघडं. खुणांच्या त्याच पानावर उघडं. कुंकवाचा नवा टिळा तांबडा, शेजारी अंगठा काळा, आणि वाऱ्यानं पान उडू नये म्हणून वर ठेवलेला एक पाना.